हुद्द्यांची आडनावे

तुर्कस्तानच्या प्रजासत्ताकाने १९३४ साली कायदा करून प्रत्येक नागरिकावर आडनाव धारण करण्याची सक्ती केली आणि मुस्तफा केमाल यांस ‘अतातुर्क’ हे नाव त्याच वर्षी मिळाले. महाराष्ट्रातील कित्येक घराण्यांची आडनावेही सरकारदरबारातूनच आली. पण ती कोणाच्या फर्मानाने नव्हे, तर पूर्वजांनी पिढ्यान्‌पिढ्या सांभाळलेल्या हुद्द्यांच्या अंगाने.

फारशी ‘नवीस’ म्हणजे लिहिणारा. हा शब्द मराठी दफ्तरात रुळला तेव्हा चिठ्ठ्या लिहिणारा तो चिटणीस, जमाखर्चाच्या फर्दा राखणारा तो फडणीस, पोत्याचा, म्हणजे खजिन्याचा, हिशेब ठेवणारा तो पोतनीस आणि फारशी पत्रव्यवहार पाहणारा तो पारसनीस, अशी नावांची एक मालिकाच सिद्ध झाली. शिवकालीन किल्ल्यावर दरवाजांच्या किल्ल्या हवालदाराच्या स्वाधीन, हजेरीपट व कागदपत्र सबनिसाच्या हाती आणि धान्यादी सामग्रीचा हिशेब कारखानिसाकडे, अशी कामाची वाटणी असे. सारा अखत्यार एकाच इसमाकडे जाऊन गड दग्याने शत्रूच्या हवाली होऊ नये, हा तीतील मुत्सद्दी हेतू. त्या तिन्ही हुद्द्यांची आडनावे आज आपल्या नित्य परिचयाची आहेत.

हुद्दा वंशपरंपरेने चालू लागला, त्यास वतनाची वा वेतनाची जोड मिळाली, की मूळचे उपनाम मागे पडे. वेळासच्या भानू घराण्यात १७४२ साली जन्मलेले बाळाजी जनार्दन इतिहासाला ठाऊक आहेत ते नाना फडणीस म्हणून; त्यांचे ‘भानू’ हे उपनाम चरित्रकारांच्या पहिल्या पृष्ठापुरतेच उरले.

या प्रवाहाला एकदा राजसत्तेनेच वेगळे वळण देऊ पाहिले. १६७४ च्या राज्याभिषेकानंतर मुजुमदाराचा अमात्य, सुरनिसाचा सचिव आणि डबीराचा सुमंत झाला. यावनी शब्दांना संस्कृत प्रतिशब्द योजणारा राज्यव्यवहारकोश रघुनाथ पंडितांकडून सिद्ध करवून घेण्यात आला. भोरचे पंतसचिव आणि बावड्याचे पंत अमात्य यांच्या घराण्यांनी ही नवी नामे शिरोधार्य मानली खरी. परंतु कोशाची सत्ता दफ्तराच्या उंबरठ्यापर्यंतच चालते, घराच्या उंबरठ्याच्या आत लोकव्यवहाराची. म्हणूनच मुजुमदार आणि अमात्य ही दोन्ही आडनावे आजतागायत सुखेनैव नांदत आहेत.

हुद्दे मात्र राहिले नाहीत. शाहू छत्रपतींनी १९१८ साली कोल्हापूर संस्थानातील कुलकर्णी वतने खालसा करून पगारी तलाठी नेमले, आणि मुंबई राज्याच्या १९५० च्या कायद्याने परगणे व कुलकर्णी वतनेही संपुष्टात आली. देशमुख, देशपांडे, कुलकर्णी यांच्यामागची सनद गेली. आडनाव तेवढे टिकले.

ही आडनावे वाचताना एक विवेक बाळगणे अगत्याचे आहे. देशमुख मराठ्यांत आहेत, ब्राह्मणांत आहेत आणि प्रभूंतही आहेत. एका गावच्या कुलकर्ण्याचे दुसऱ्या गावच्या कुलकर्ण्याशी रक्ताचे नाते असेलच असे नाही. ही आडनावे आपल्या पूर्वजाने कोणते काम केले एवढीच साक्ष देतात. त्यांवरून जात ताडू पाहणाऱ्याने, किंवा कुळाची थोरवी मिरवू पाहणाऱ्याने, त्या साक्षीबाहेरचे काही त्यांच्याकडून वदवून घेऊ नये.