बहिरमच्या यात्रेतील तंबूचे नाट्यगृह : एक ऐतिहासिक दृष्टिक्षेप

प्रस्तावना :
मुंबईजवळ गोराई येथे १९८९ मध्ये एस्सेलवर्ल्ड, तर खोपोलीजवळ २०१३ मध्ये इमॅजिका सुरू झाले. पाळणे, खाद्यपदार्थ आणि प्रत्यक्ष प्रयोग एकाच आवारात आणण्याची ही कल्पना नवी मानली जाते. तथापि वऱ्हाडातील ग्रामीण प्रेक्षकाला ती यात्रेच्या रूपाने पूर्वीपासूनच परिचित होती.

यात्रा व फड :
अमरावती जिल्ह्याच्या चांदूर बाजार तालुक्यात, सातपुड्याच्या पायथ्याशी बहिरमची यात्रा भरते. डिसेंबरच्या उत्तरार्धापासून ती साधारणतः जानेवारीअखेरपर्यंत चालते. राहुट्या, हंडीतील मटण, रोडगे यांबरोबरच तमाशाचे फड हे एकेकाळी तिचे मोठे आकर्षण होते. एका दिवसाच्या जत्रेत फडाला एकच रात्र मिळते. येथे मात्र मुक्काम करता येई व प्रेक्षकही बदलत राही. कनातीने बंदिस्त, तिकीट लावलेला हा तंबू म्हणजे यात्रेतील नाट्यगृहच होय. याच यात्रेत संत गाडगेबाबांनी (१८७६-१९५६) पशुहत्येविरुद्ध कीर्तनातून लोकजागृती केली. त्या रंगपीठाला ना कनात होती, ना तिकीट.

निष्कर्ष :
तंबू उठला की वास्तू उरत नाही. त्यामुळे स्थानिक इतिहासात मंदिराची नोंद होते, फडाची होत नाही. तमाशे थांबल्यानंतर कलावंत, तंबू ठोकणारे मजूर व वृद्ध प्रेक्षक यांच्या आठवणी हेच प्रमुख साधन उरले आहे. महाविद्यालयीन इतिहास विभागांनी त्यांचे संकलन तातडीने हाती घ्यावे. अन्यथा या पिढीबरोबर हा इतिहासही लुप्त होईल.