हौसाताईंचं नाटक



मागच्या महिन्यात बचत गटाचा हिशेब झाल्यावर मी मोबाईलवर एक छोटी फिल्म लावली. ‘पीपल्स आर्काइव्ह ऑफ रूरल इंडिया’ या संस्थेनं केलेली. समोर नव्वदी गाठलेली आजी बोलत होती. विट्याच्या हौसाबाई पाटील, क्रांतिसिंह नाना पाटलांची लेक.

दुसऱ्या महायुद्धाचे दिवस. १९४२ मध्ये ‘चले जाव’ झालं, नाना भूमिगत झाले. इंग्रजांनी त्यांचं घर, जमीन जप्त केली. १९४३ पासून सातारा-सांगली भागात प्रतिसरकार उभं राहिलं. तुफान सेनेला बंदुका हव्या होत्या. मग काय केलं? भवानीनगरच्या पोलीस ठाण्यासमोर हौसाताई आणि एक सहकारी नवरा-बायको बनून भांडायला लागले. त्यानं मारायला सुरुवात केली. पोलीस सोडवायला बाहेर धावले आणि मागून बाकीच्यांनी बंदुका पळवल्या! मार मात्र खरा बसला होता. खोटं वाटू नये म्हणून.

आमच्या बायका आधी हसल्या. मग एक जण म्हणाली, “बाईला मारताना बघून कुणाला नाटक वाटेल, ताई? रोजचंच ते.” सगळ्या गप्प झाल्या.

पुढं हौसाताई गोव्यालाही गेल्या. तिथं तुरुंगात असलेल्या सहकाऱ्याची बहीण बनून त्याला भेटल्या, सुटकेची चिठ्ठी अंबाड्यात लपवून. परतताना रात्री मांडवी नदी ओलांडली, ती लाकडी पेटीवर पालथं पडून.

नानांचं नाव आपण शाळेत ऐकलं. लेकीचं किती जणींनी ऐकलं होतं? मी बीए झाले, मलाही माहीत नव्हतं. जेवण पोचवणाऱ्या, निरोप नेणाऱ्या, घरात माणसं लपवणाऱ्या बायकांची नोंद कुठल्या दप्तरात राहणार? हौसाताई २०२१ मध्ये गेल्या. कुणीतरी वेळेवर कॅमेरा घेऊन पोचलं, म्हणून त्यांचा आवाज राहिला.

माझी आजी त्या काळाचं काहीबाही सांगायची. मी “नंतर ऐकते” म्हणत राहिले. ती गेली, गोष्टीही गेल्या. ती रुखरुख अजून आहे.

म्हणून एक काम सांगते. पुढच्या बैठकीआधी गल्लीतल्या सगळ्यात म्हाताऱ्या बाईजवळ बसा. तिची परवानगी घ्या आणि फोनवर रेकॉर्डिंग चालू करा. सुरुवातीला तिचं नाव, गाव आणि तारीख बोला. मग तिला बोलू द्या, मध्ये तोडू नका.

नंतर ऐकू म्हणू नका, बायांनो.