‘कुंकू’मधली शांतता आणि केशवराव भोळे

आमच्या फोंड्याकडे गाण्याचा विषय निघाला की बांदिवड्याच्या ज्योत्स्नाबाई भोळ्यांचं नाव येतंच. येणारच, त्या मूळच्या इथल्या दुर्गा केळेकर. पण त्यांचे यजमान केशवराव भोळे म्हटलं की नवी पिढी विचारते, ‘हे कोण?’ म्हणून हा लेखनप्रपंच. मी काही गाण्यातला जाणकार नव्हे. बी.कॉम. झालो आणि सगळी नोकरी बँकेत आकडे जुळवण्यात गेली. ऐकायची आवड मात्र लहानपणापासूनची.

केशवरावांचा जन्म १८९६ चा, अमरावतीचा. मुंबईला आले ते डॉक्टर व्हायला, आणि रमले नाटकात नि गाण्यात. डॉक्टरी राहिली ती राहिलीच. आपल्याकडे गाणाऱ्याला पहिला प्रश्न असतो, गुरू कोण, घराणं कुठलं? यांना सांगण्यासारखं घराणंच नव्हतं. मोठमोठ्या गवयांना ऐकायचं, त्यावर विचार करायचा आणि ‘एकलव्य’ या नावाने त्यांच्याविषयी लिहायचं, असा हा माणूस तयार झाला. टोपणनाव किती नेमकं निवडलं बघा.

१९३२ साली ज्योत्स्नाबाईंशी लग्न झालं आणि पुढच्याच वर्षी ‘नाट्यमन्वंतर’चं ‘आंधळ्यांची शाळा’ रंगभूमीवर आलं. तारीख १ जुलै १९३३. त्याआधीचं संगीत नाटक आठवा. ‘सौभद्रा’त शंभरावर पदं, वर वन्समोअर, प्रेक्षक पहाटे घरी जायचे. या नाटकात गाणी अगदी मोजकी, भावगीताच्या वळणाची, प्रसंगापुरती. आणि ती गायल्या ज्योत्स्नाबाई. बाईची भूमिका बाईनेच करायची, ही गोष्टसुद्धा तेव्हा चर्चेची होती. तानबाजीला चटावलेल्या लोकांना हे अळणी वाटलं असणार, पण केशवराव आपल्या मताला चिकटून राहिले.

मग पुण्याला प्रभात. ‘अमृतमंथन’ १९३४, ‘संत तुकाराम’ १९३६. प्यानो, हवाईयन गिटार, व्हायोलिन अशी वाद्यं सिनेमाच्या संगीतात आणणाऱ्या पहिल्या मंडळींत ते होते. ‘तुकाराम’ मुंबईत वर्षाहून जास्त चालला आणि १९३७ साली व्हेनिसला त्याचा गौरव झाला. त्यातलं शांताराम आठवल्यांचं एक पद लोकांनी थेट तुकोबांच्याच नावावर जमा केलं, इतकी त्याची चाल अभंगाच्या अंगाची होती.

इतकं यश मिळाल्यावर माणूस काय करेल? तेच पुन्हा, थोडं वाढवून. आमच्या बँकेत चाललेली योजना कोणी बंद करत नसे. केशवरावांनी १९३७ च्या ‘कुंकू’मध्ये पार्श्वसंगीत ठेवलंच नाही. शांतारामबापूंचा चित्रपट, ना. ह. आपट्यांच्या ‘न पटणारी गोष्ट’वरून घेतलेला. तरुण नीराचं, म्हणजे शांता आपट्यांचं, फसवून एका म्हाताऱ्या विधुराशी लग्न लावून देतात. ती त्याला नवरा मानत नाही. गाणी आहेत, पण एरवी ऐकू येतात ते घरातले आवाज. भिंतीवरचं घड्याळ तेवढं वाजत राहतं. पैसे वाचवायला असेल, असं माझा एक सहकारी एकदा म्हणाला होता. छे! प्रभातचा तो ऐन भरभराटीचा काळ, वादक पदरी होते. संगीत दिग्दर्शक संगीत न देण्याचा निर्णय घेतो किंवा त्याला मान डोलावतो, यात हिंमत लागते.

नातवाला मी मोबाईलवर ‘कुंकू’ दाखवला, तर मधेच तो आवाज वाढवायला लागला. म्हणे, आजोबा, म्युझिक येत नाहीये.

माझ्या आईने हा सिनेमा बेळगावला, माहेरी असताना पाहिला होता, बारा-तेरा वर्षांची असेल. तिच्या एका मावशीला बिजवरालाच दिली होती, आणि ती मावशीही त्या दिवशी बरोबर होती. आई सांगायची, थेटरात बायका रडत होत्या आणि पडद्यावर वाजंत्री काही नाही, त्यामुळे कोण रडतंय ते सगळ्यांना ऐकू येत होतं. मावशीने पदराचा बोळा तोंडात धरला होता. घरी आल्यावर त्यावर कोणी एक शब्द बोललं नाही. माझ्या आजोबांनी आईचं लग्न मात्र घाईने केलं नाही, मुलगा वयाने बघून दिला. ‘कुंकू’मुळेच असं मी म्हणणार नाही. पण आई तसं म्हणायची.

केशवराव पुढे ‘माझा मुलगा’, ‘संत ज्ञानेश्वर’, ‘रामशास्त्री’पर्यंत काम करत राहिले. ज्योत्स्नाबाईंचं नाव ‘कुलवधू’ने १९४२ मध्ये घरोघरी पोचलं, पुण्यात त्यांच्या नावाचं सभागृहही आहे. केशवरावांनी मात्र आपला सगळा हिशेब ‘माझे संगीत : रचना आणि दिग्दर्शन’ या पुस्तकात लिहून ठेवला, १९६४ साली. १९७७ मध्ये ते गेले. कुठल्या जुन्या ग्रंथालयात ते पुस्तक दिसलं तर जरूर काढा.