२५ जून १९५१ : अभिनेते सतीश शाह यांचा जन्म

मुख्य नायकाच्या भोवतीची व्यक्तिरेखा साकारून कथानकाला आकार देणारा नट म्हणजे चरित्र अभिनेता. भारतीय दूरचित्रवाणीवर या भूमिकेला प्रतिष्ठा मिळवून देणारे सतीश शाह यांचा जन्म २५ जून १९५१ रोजी झाला. पुण्याच्या फिल्म संस्थेत अभिनयाचे शिक्षण घेतलेल्या शाह यांनी कुंदन शाह दिग्दर्शित ‘जाने भी दो यारो’ (१९८३) या चित्रपटात भ्रष्ट आयुक्त डिमेलो साकारला आणि त्याच व्यक्तिरेखेचे प्रेत होऊन, एक शब्दही न बोलता, केवळ देहाच्या अवघडलेपणातून विनोद उभा केला. १९८४ मध्ये दूरदर्शनवर सुरू झालेल्या ‘ये जो है जिंदगी’ या शरद जोशी लिखित परिस्थितिजन्य विनोदी मालिकेत, म्हणजे ठरावीक पात्रांभोवती दर भागात नवा प्रसंग गुंफणाऱ्या मालिकेत, शफी इनामदार, स्वरूप संपत आणि राकेश बेदी यांच्या भूमिका स्थिर होत्या; शाह मात्र दर भागात नव्या रूपात, नव्या बोलीत आणि नव्या देहबोलीत अवतरत. ‘गंमत जंमत’ (१९८७) या सचिन दिग्दर्शित मराठी चित्रपटातही त्यांनी काम केले, तर २००४ मध्ये सुरू झालेल्या ‘साराभाई व्हर्सेस साराभाई’ या मालिकेतील खट्याळ इंद्रवदनने त्यांना नव्या पिढीपर्यंत नेले. २५ ऑक्टोबर २०२५ रोजी मुंबईत त्यांचे निधन झाले. दुय्यम मानली जाणारी भूमिका मालिकेचा कणा ठरू शकते, हे त्यांच्या कारकिर्दीने निर्विवादपणे सिद्ध केले.