मेमोरियल चषक
कॅनडातील कुमारांच्या आइस हॉकीचा राष्ट्रीय अजिंक्यपद चषक. पहिल्या महायुद्धात कामी आलेल्या कॅनडियन सैनिकांच्या स्मरणार्थ आँटॅरिओ हॉकी संघटनेने तो १९१९ मध्ये दिला. मूळ कल्पना कॅप्टन जेम्स सदरलंड यांची. किंग्स्टन येथे त्यांच्या हाताखाली तयार झालेला ॲलन डेव्हिडसन हा खेळाडू १९१५ मध्ये फ्रान्सच्या रणभूमीवर मारला गेला होता. पहिल्या वर्षी टोराँटो विद्यापीठाच्या प्रशालेने रिजायनाच्या संघास दोन सामन्यांत मिळून २९–८ गोलांनी हरविले. १९७२ पासून साखळी सामने सुरू झाले. १९८३ मध्ये पोर्टलंडच्या रूपाने प्रथमच अमेरिकी संघ विजयी झाला. २०१० मध्ये हा चषक देशासाठी प्राण वेचलेल्या सर्वच कॅनडियन सैनिकांच्या स्मृतीस अर्पण करण्यात आला. खेळाडू सामान्यतः १६ ते २० वर्षांचे असतात. महायुद्धात पडलेल्यांपैकी अनेक याच वयाचे होते.