हुकमाचा ताबेदार

भारतीय युद्ध संपलें त्या रात्रीं अश्वत्थामा पांडवांच्या छावणींत शिरला आणि झोंपलेल्या वीरांची त्यानें कत्तल केली, ही कथा आपणां सर्वांना ठाऊक आहे. निजलेल्या माणसावर शस्त्र धरूं नये, असें कृपाचार्यांनीं त्याला परोपरीनें सांगितलें होतें. त्यानें तें ऐकलें नाहीं. पुढें त्याच्या मस्तकावरील मणि काढून घेण्यांत आला, आणि श्रीकृष्णाच्या शापामुळें रानोमाळ भटकणें त्याच्या नशिबीं आलें. कपाळावरच्या जखमेसाठीं तो अजून दारोदार तेल मागत हिंडतो, असें आपल्याकडील वडीलधारीं माणसें लहान मुलांना सांगत आलीं आहेत. युद्ध करणें निराळें आणि युद्धांत अपराध करणें निराळें, हा विवेक आपल्या पूर्वजांना होता, हें या कथेवरून दिसतेंच. परंतु तिच्यांतील आणखी एक गोष्ट लक्षांत ठेवण्यासारखी आहे. अश्वत्थाम्यानें आपल्या कृत्याचा भार दुसऱ्या कोणावर टाकला नाहीं. दुर्योधनानें त्याला सेनापतिपदाचा अभिषेक केला होता. ‘मी केवळ धन्याची आज्ञा पाळली’ असें त्याला म्हणतां आलें असतें. तो तसें म्हणाला नाहीं. सूड त्याचा होता, आणि तो आपला म्हणूनच त्यानें उगविला.

इतिहासांतील युद्धगुन्हेगारांचे खटले मात्र चाळूं लागलें, म्हणजे निरनिराळ्या काळीं आणि निरनिराळ्या भाषांतून एकच वाक्य पुन्हां पुन्हां कानीं येतें : ‘मी काय, हुकमाचा ताबेदार !’ हें वाक्य न्यायासनापुढें कोठें टिकलें आणि कोठें कोलमडलें, याचा मागोवा आज आपण घेऊं.

ऱ्हाईन नदीच्या कांठीं ब्रायझाख नांवाचें एक नगर आहे. पंधराव्या शतकांत तें बर्गंडीचा ड्यूक चार्ल्स याच्या ताब्यांत गहाण म्हणून आलें होतें, आणि त्याच्या वतीनें पीटर फॉन हागेनबाख हा तेथें कारभार पाहत असे. त्याच्या राजवटींत खून, बलात्कार आणि जुलूम यांना सीमा राहिली नाहीं. अखेर लोक उठले, आणि १४७४ सालीं त्याला पकडून निरनिराळ्या नगरांतून आलेल्या २८ न्यायाधीशांपुढें उभें करण्यांत आलें. आपल्या धन्याच्या आज्ञा आपण पाळल्या, त्या योग्य कीं अयोग्य हें ठरविण्याचा आपणांस अधिकार नव्हता, असा त्याचा बचाव होता. ड्यूककडूनच याची खात्री करून घ्या, अशीही त्याच्या वतीनें विनंती झाली. न्यायाधीशांनीं ती फेटाळली, आणि ९ मे १४७४ रोजीं त्याचा शिरच्छेद झाला. त्या वेळीं खरें युद्ध सुरू झालेलें नव्हतें, म्हणून याला युद्धगुन्ह्याचा खटला म्हणावें कीं नाहीं, याविषयीं विद्वानांत मतभेद आहेत. शिवाय खटल्यापूर्वीं आरोपीचा छळ करण्यांत आला होता, ही गोष्ट त्या न्यायाला भूषणावह नाहीं. तथापि ‘हुकमाचा ताबेदार’ हा बचाव तेथें मांडला गेला आणि नाकारला गेला, एवढें निश्चित.

जुन्या काळीं सैन्याची नीति राजाच्या शब्दावर अवलंबून असे. स्त्रियांना, मशिदींना आणि कुराणाला उपद्रव देऊं नये, असा शिवछत्रपतींचा आपल्या लोकांना सक्त नियम होता, असें खाफीखानासारखा वैरभावानें लिहिणारा इतिहासकारही नमूद करतो. राजा थोर असला तर हुकूमही थोर. पण राजाच अधम निघाला, तर शिपायानें कोणाकडे पाहावें ? नीतीचा आधार राजाच्या स्वभावावर न ठेवतां लेखी नियमांवर ठेवावा, हा विचार एकोणिसाव्या शतकांत बळावला तो यामुळेंच. १८६३ सालीं अमेरिकेंतील यादवी युद्ध चालू असतांना फ्रान्सिस लीबर या पंडितानें उत्तरेकडील सैन्यासाठीं १५७ कलमांची नियमावलि तयार केली आणि राष्ट्राध्यक्ष लिंकन यांनीं ती जारी केली. दुसऱ्याच वर्षीं जखमी सैनिकांच्या रक्षणासाठीं जिनीव्हाचा पहिला करार झाला. पुढें १८९९ आणि १९०७ सालीं हेग येथें राष्ट्रांनीं एकत्र येऊन युद्धाचे नियम लिहून काढले.

नियम झाले, पण ते मोडल्यास शिक्षा कोणाला? त्याच अमेरिकन युद्धांत दक्षिणेकडील पक्षानें अँडरसनव्हिल येथें युद्धकैद्यांसाठीं एक छावणी उभारली होती. लांकडी कोटाच्या आंत उघड्या जमिनीवर सुमारें ४५ हजार कैदी तेथें येऊन गेले, आणि पैकीं जवळजवळ १३ हजार उपासमारीनें व रोगराईनें मेले. छावणीचा अधिकारी हेन्री विर्झ यानें वरिष्ठांच्या हुकमाचा आश्रय घेतला. ज्याचें नांव तो सांगत होता, तो सेनानी विंडर खटल्यापूर्वींच मरण पावला होता. विर्झ १० नोव्हेंबर १८६५ रोजीं फांसावर चढला. दक्षिणेचे अध्यक्ष जेफर्सन डेव्हिस यांच्यावर मात्र कधींच खटला चालला नाहीं. दोन वर्षांच्या कैदेनंतर ते सुटले. हात सांपडतो आणि डोकें निसटतें, हा अनुभव पुढेंही अनेकदां आला.

पहिल्या महायुद्धानंतर डोकें पकडण्याचा संकल्प झाला. व्हर्सायच्या तहानें कैसरवर खटला भरण्याचें ठरलें. पण कैसर हॉलंडांत जाऊन राहिला होता, आणि हॉलंडनें त्याला स्वाधीन करण्याचें नाकारलें. उरलेल्या आरोपींची लांबलचक यादी आटत आटत गेली, आणि १९२१ सालीं लाइपझिग येथें जर्मनीच्याच सर्वोच्च न्यायालयापुढें मोजके खटले चालले. त्यांतील दोन शेजारीं ठेवून पाहण्यासारखे आहेत. ‘डोव्हर कॅसल’ ही इंग्रजांची रुग्णनौका १९१७ सालीं भूमध्य समुद्रांत बुडविणारा पाणबुडीचा कप्तान नॉयमान निर्दोष सुटला. नौदलाच्या वरिष्ठांचा तसा हुकूमच होता आणि तो कायदेशीर आहे अशी त्याची समजूत होती, असें न्यायालयानें मानलें.

दुसरा खटला ‘लँडोव्हरी कॅसल’ या रुग्णनौकेचा. २७ जून १९१८ च्या रात्रीं आयर्लंडच्या समुद्रांत एका जर्मन पाणबुडीनें ती बुडविली, आणि नंतर तिच्यांतून उतरलेल्या लोकांच्या नावांवर गोळीबार झाला. नौकेवरील २५८ जणांपैकीं एका नावेंतील २४ जण तेवढे वांचले. कॅनडाच्या १४ परिचारिकांपैकीं एकही वांचली नाहीं. कप्तान पाटझिग फरारी होता. डिटमार आणि बोल्ट हे त्याच्या हाताखालचे दोन अधिकारी न्यायालयापुढें आले. त्यांनींही हुकमाकडे बोट दाखविलें. या वेळीं मात्र त्याच न्यायालयानें निराळा निर्णय दिला. बुडत्या नौकेंतून निसटून नावेंत बसलेल्या निराधार माणसांना मारणें कायद्याविरुद्ध आहे, हें कोणालाही कळतें. असा हुकूम पाळणाऱ्याला हुकमाची ढाल पुढें करतां येणार नाहीं, असें न्यायाधीशांनीं ठरविलें. दोघांना चार चार वर्षांची शिक्षा झाली, आणि कांहीं महिन्यांतच दोघेही कैदेंतून पळून गेले. शिक्षा अशी वाऱ्यावर उडाली. तत्त्व मात्र कागदावर राहिलें.

तें तत्त्व विजेत्यांच्या नियमपुस्तकांतही तेव्हां नव्हतें, हें येथें सांगितलें पाहिजे. सरकारच्या वा सेनापतीच्या हुकमावरून नियमभंग करणारा सैनिक युद्धगुन्हेगार ठरत नाहीं, असें ब्रिटिश लष्करी पुस्तकांत १९१४ पासून छापलेलें होतें. तें कलम १९४४ च्या एप्रिलमध्यें बदललें गेलें. अमेरिकेनें आपलें कलम त्याच वर्षीं नोव्हेंबरमध्यें बदललें. म्हणजे दुसरें महायुद्ध संपत आलें असतां, शत्रूला न्यायासनापुढें उभें करण्याची वेळ जवळ आली तेव्हां, हे फेरफार झाले. ८ ऑगस्ट १९४५ च्या लंडन कराराला जोडलेल्या सनदेनें ते पक्के केले : वरिष्ठांच्या हुकमामुळें अपराध्याची जबाबदारी सुटत नाहीं, न्यायाला साजेल तेथें शिक्षा सौम्य करतांना फार तर त्याचा विचार व्हावा.

न्यूरेंबर्ग येथें या सनदेखालीं २२ आरोपींचा न्याय झाला. १२ जणांना देहांताची शिक्षा झाली, ७ जणांना कैद, आणि ३ जण सुटले. फील्ड मार्शल कायटेल यानें १९४१ च्या डिसेंबरांत एका हुकमावर सही केली होती. जिंकलेल्या मुलखांतील विरोधकांना गुपचूप जर्मनींत न्यावें आणि त्यांच्या घरच्यांना त्यांचा मागमूसही लागूं देऊं नये, असा तो हुकूम होता. हिटलरच्या शब्दाबाहेर आपण जाऊं शकत नव्हतों, हें त्याचें म्हणणें. इतक्या भयंकर आणि विस्तृत गुन्ह्यांपुढें हुकमाची सबब शिक्षा कमी करण्यासही पुरणार नाहीं, असें न्यायालयानें सांगितलें. हुकूम होता कीं नव्हता यापेक्षां, नीतीनें निवड करण्यास माणसाला खरोखर वाव होता कीं नाहीं, ही कसोटी त्या निकालानें पुढें ठेवली.

परंतु जिंकलेल्यानें हरलेल्याला न्याय द्यावा, यांत एक कांटा राहतोच. अश्वत्थाम्याला शाप देणाराही जिंकलेल्या पक्षांतलाच होता. टोकियो येथील खटल्यांत ११ न्यायाधीश होते. त्यांपैकीं आपले राधाविनोद पाल यांनीं हा कांटा सर्वांत उघडपणें दाखविला. जपानी सैन्याचे अत्याचार त्यांनीं नाकारले नाहींत. पण त्या न्यायपीठाचा पायाच त्यांना मान्य नव्हता, आणि सर्व आरोपी निर्दोष आहेत असें त्यांनीं आपल्या भिन्न मतपत्रांत लिहिलें. निरपराधांच्या सरसकट संहाराचा हुकूम कोणी दिला असें विचारायचें, तर अणुबाँब टाकण्याच्या निर्णयाकडेही पाहावें लागेल, असें त्यांनीं सुनावलें. त्यांचें मत बहुमत झालें नाहीं. २५ आरोपी दोषी ठरले आणि ७ जणांना १९४८ च्या डिसेंबरांत फांशी झाली. पण तो प्रश्न आजही बुजलेला नाहीं.

विजेत्यानें स्वतःच्या सैनिकाला तोच माप लावावा, तरच तो माप खरा. १६ मार्च १९६८ रोजीं व्हिएतनाममधील मी लाय येथें अमेरिकन तुकडीनें शेंकडों निःशस्त्र गांवकऱ्यांना ठार मारलें. लेफ्टनंट कॅली यानें हुकमाचा बचाव केला. लष्करी न्यायालयानें तो फेटाळून १९७१ सालीं त्याला जन्मठेप दिली. पण ती शिक्षा घटत गेली आणि बहुतेक काळ घरांतच स्थानबद्ध राहून तो कांहीं वर्षांत सुटला. त्याच दिवशीं त्याच आकाशांत ह्यू थॉम्प्सन नांवाचा तरुण वैमानिक होता. आपलेच सैनिक काय करीत आहेत हें पाहून त्यानें आपलें हेलिकॉप्टर सैनिक आणि गांवकरी यांच्या मध्यें उतरविलें, आणि कांहीं जीव वांचविले. त्याला असें करण्याचा हुकूम कोणीच दिला नव्हता. १९९८ सालीं, तीस वर्षांनीं, त्याला पदक मिळालें.

आतां सर्वांत अवघड खटला. जुलै १९९५ मध्यें बोस्नियांतील स्रेब्रेनित्सा पडल्यावर कैद केलेल्या पुरुषांना एका शेतावर आणून गोळ्या घालण्यांत आल्या. गोळ्या घालणाऱ्यांत द्राझेन एर्देमोविच हा चोवीस वर्षांच्या आंतलाच एक शिपाई होता. त्यानें आपण होऊन गुन्हा कबूल केला. ‘मीं नकार दिला होता, पण कीव येत असेल तर त्यांच्याच रांगेंत उभा राहा, असें मला सांगितलें गेलें,’ अशा आशयाची त्याची कैफियत होती. येथें नुसता हुकूम नव्हता. मानेवर मृत्यु होता. हेगच्या न्यायपीठांतही एकमत झालें नाहीं. निरपराधांचे जीव घेणाऱ्याला स्वतःच्या जीवाचें भय ही पूर्ण सबब होऊं शकत नाहीं, असें तीन न्यायाधीशांनीं ठरविलें. दोघांनीं त्याविरुद्ध मत दिलें. अखेर १९९८ सालीं त्याला पांच वर्षांची शिक्षा झाली. सुरक्षित खोलींत बसलेल्या माणसानें त्याला भ्याड म्हणण्याची घाई करूं नये. आणि त्या शेतावर मेलेल्यांच्या आयांना विसरूनही चालणार नाहीं.

त्याच १९९८ सालीं रोम येथें कायमच्या आंतरराष्ट्रीय फौजदारी न्यायालयाची सनद मंजूर झाली, आणि १ जुलै २००२ पासून ती अमलांत आली. भारत, अमेरिका, रशिया, चीन हे तिच्या बाहेर आहेत. हुकूम उघड उघड बेकायदा असेल तर तो पाळणारा सुटत नाहीं, आणि वंशसंहाराचा हुकूम तर नेहमींच उघड बेकायदा समजावा, असें ती सांगते. उलट बाजूनें, डोकें निसटण्याची जुनी खोडही थोडी मोडूं लागली आहे : लायबीरियाचे माजी अध्यक्ष चार्ल्स टेलर यांना सिएरा लिओनसाठीं नेमलेल्या निराळ्या न्यायालयानें २०१२ सालीं ५० वर्षांची शिक्षा दिली.

आज्ञापालन हा आपण घराघरांत शिकविलेला सद्गुण आहे, आणि त्यावांचून सैन्य चालत नाहीं, घरही चालत नाहीं. पण माहूरच्या रेणुकामातेचें दर्शन घेतांना एक गोष्ट आठवावी. पित्याच्या आज्ञेवरून परशुरामानें आईचा शिरच्छेद केला. त्याच्या चार भावांनीं ती आज्ञा पाळली नाहीं आणि शाप पत्करला. प्रसन्न झालेल्या पित्यानें वर मागण्यास सांगितलें, तेव्हां परशुरामानें राज्य मागितलें नाहीं. आई पुन्हां जिवंत व्हावी आणि घडलेलें तिला आठवूं नये, हेंच त्यानें मागितलें. आज्ञा पाळली, एवढें समाधान त्यालासुद्धां पुरलें नाहीं. त्याला वर देणारा पिता होता; ऱ्हाईनच्या कांठीं, आयर्लंडच्या समुद्रांत किंवा बोस्नियांतील त्या शेतावर ज्यांनीं हुकूम पाळले, त्यांना तसा वर देणारें कोणी नव्हतें.