गोष्ट कुणाची, कागद कुणाचा?

बाजाराच्या दिवशी हरसूलच्या स्टँडवर बघा. पोरं मोबाईलमध्ये मान घालून गेम खेळत असतात. आता गेमवरून सिनेमे आणि वेब सिरीज निघतायत. २०२३ मध्ये मारिओच्या सिनेमानं जगभरात १३० कोटी डॉलरच्या वर गल्ला जमवला. पोरांसाठी ही करमणूक. मला मात्र यात एक जुनाच प्रश्न दिसतो: एका माध्यमातली गोष्ट दुसऱ्या माध्यमात जाते, तेव्हा ती कुणाच्या हातात राहते? हा प्रश्न आपल्या तालुक्यालाही चांगला ओळखीचा आहे.

आधी कंपनीचं बघू. युबीसॉफ्ट ही फ्रान्सची कंपनी. १९८६ मध्ये गिलमो आडनावाच्या पाच भावांनी काढली. ब्रिटनी भागातल्या कारांत्वार या खेड्यातली ही माणसं, घरचा धंदा शेतकऱ्यांना माल पुरवायचा. तिथून ही कंपनी जगभर पसरली. २००८ पासून पुण्यातही तिचा स्टुडिओ आहे.

आमच्या पिढीनं कॉम्प्युटर क्लासमध्ये सरांची पाठ वळली की एक गेम हमखास खेळला. प्रिन्स ऑफ पर्शिया. तो जॉर्डन मेकनर या तरुणानं १९८९ मध्ये केला. त्यासाठी त्यानं स्वतःच्या धाकट्या भावाला पळायला, उड्या मारायला लावून त्याचं शूटिंग केलं आणि त्यावरून एकेक चित्र काढलं. मेकनरचं शहाणपण असं की गोष्टीचे हक्क त्यानं स्वतःकडे ठेवले. २००३ मध्ये युबीसॉफ्टनं त्याला सोबत घेऊन नवा गेम काढला आणि २०१० मध्ये डिस्नेचा सिनेमा आला, तेव्हा सिनेमाच्या कथेवरही त्याचं नाव होतं.

पुढे युबीसॉफ्टनं विचार केला, आपली गोष्ट दुसऱ्याला का द्यायची? २०११ मध्ये त्यांनी स्वतःची सिनेमा शाखा काढली. २०१६ मध्ये 'असॅसिन्स क्रीड' आला. मोठा नट, सुमारे १२.५ कोटी डॉलर खर्च. जगभर सुमारे २४ कोटींची तिकिटं खपली, पण त्यातला मोठा वाटा थिएटरवाल्यांचा आणि जाहिरातीचा खर्च वेगळाच. समीक्षकांनी तर झोडपून काढला. हक्क हातात होते, तरी सिनेमा जमला नाही.

हे वाचून मला सांगली आठवते. १९१८ मध्ये मास्टर दीनानाथ मंगेशकर, चिंतामणराव कोल्हटकर आणि कृष्णराव कोल्हापुरे यांनी बलवंत संगीत मंडळी काढली. नाटकं गाजली. मग बोलपट आला आणि नाटकाचा प्रेक्षक तिकडे वळायला लागला. मंडळींनी ठरवलं, आपणच सिनेमा काढू. तात्यासाहेब केळकरांचं 'कृष्णार्जुनयुद्ध' हे नाटक होतंच. १९३४ मध्ये त्याच नावाचा बोलपट आला. चालला नाही. कर्ज मात्र झालं आणि पुढे एवढी नावाजलेली मंडळीही संपली. स्टेजवर गाण्याला वन्समोअर मिळतो, पडद्यावर ती सोय नाही. तिथलं कसबच वेगळं.

मग मारिओचं कसं जमलं? १९९३ मध्ये निन्टेंडोनं हक्क बाहेर दिले, स्वतः लांब राहिली आणि तो सिनेमा आपटला. २०२३ ला मारिओचा जनक शिगेरू मियामोतो स्वतः निर्माता म्हणून बसला आणि शेजारी ॲनिमेशनमध्ये मुरलेली इल्युमिनेशन कंपनी घेतली. गोष्टीचा मालक आणि नव्या माध्यमाचा कारागीर एका बैठकीत बसले. दोन्ही लागतं.

आता आपल्या तालुक्याकडे येऊ. दादासाहेब फाळके १८७० मध्ये त्र्यंबकला जन्मले. १९१३ च्या 'राजा हरिश्चंद्र'नं नाटककीर्तनातली गोष्ट पडद्यावर आणली. कसब त्यांच्याइतकं कुणाकडेच नव्हतं. पण १९१८ मध्ये नाशकात हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी उभी राहिली ती भागीदारांच्या पैशावर. खटके उडाले. फाळके कंपनी सोडून काशीला गेले, तिथं 'रंगभूमी' नाटक लिहिलं आणि शेवटी परत त्याच कंपनीत कामाला आले. १९४४ मध्ये नाशकातच गेले. कसब होतं, कागद दुसऱ्यांच्या हातात होता.

पुण्यातल्या पोरांनाही याचा अनुभव आला. २०२० मध्ये त्याच प्रिन्स ऑफ पर्शियाचा एक गेम नव्यानं करायचं काम पुणे-मुंबईच्या टीमकडे होतं. २०२२ मध्ये ते कॅनडातल्या माँट्रियलला हलवलं. राबणारे हात इथले, निर्णय तिकडचा.

हे सगळं हरसूलकरांना कशाला सांगतोय? आपल्याकडे बोहाडा आहे. उन्हाळ्यात रात्र रात्र संबळ वाजतो, देव-दैत्यांचे मुखवटे घालून एकेक सोंग नाचत येतं. अनेक गावांत एखादं सोंग नाचवायचा मान ठरावीक घराकडे असतो. गेम कंपन्या ज्याला फ्रँचायझी म्हणतात, ती आपल्याकडे पिढ्यान् पिढ्या चालत आली आहे, फक्त कागदावर नाही. उद्या कुणी येऊन शूटिंग करेल, त्यावर सिरीज काढेल, गेम काढेल. काढू द्या, वाईट काही नाही. पण पाटीवर गावाचं नाव असेल का? सोंग घेणाऱ्याला काही मिळेल का?

१९९६ चा पेसा कायदा परंपरा आणि सांस्कृतिक ओळख जपण्याचा अधिकार ग्रामसभेला देतो. त्यानं कॉपीराइट मिळत नाही, हे खरं. पण पुढच्या ग्रामसभेत एक वही तरी उघडता येईल: कोणतं सोंग, कुणाचा मान, मुखवटा कुणी केला, शूटिंगला परवानगी कुणी आणि कोणत्या अटीवर द्यायची. गावातल्या दोन पोरांच्या हातात कॅमेराही द्यावा, म्हणजे कसबही घरचंच होईल.

तुमच्या गावात कोणती सोंगं निघतात, मान कुणाचा? खाली लिहा. वहीची सुरुवात इथूनच करू.